दोघांचेही रक्त तपासा



हळदीकुंकवाला आपण एकमेकींच्या कानात जे बोलतो, ते आज मी मोठ्याने बोलणार आहे. सुनेला दिवस जातात आणि तिसऱ्या महिन्यात गर्भ पडतो. असे दोनतीनदा झाले की अंगारेधुपारे होतात, पपई खाल्ल्याची बोलणी बसतात, शेवटी दुसऱ्या लग्नाची भाषा निघते. मुलाचेही रक्त तपासावे असे मात्र कोणी म्हणत नाही.

आपल्या पेशींत ४६ गुणसूत्रे असतात, निम्मी आईकडची, निम्मी बापाकडची. हा आकडा १९५६ साली पक्का झाला. मंद मुलांपैकी काहींमध्ये एकविसावे गुणसूत्र जादा असते, हे १९५९ साली पॅरिसमध्ये जाहीर झाले. त्या कामी पेशी वाढविल्या त्या मार्त गोतिए या बाईंनी. नाव बरीच वर्षे पुरुष सहकाऱ्याचे गाजले!

तपासणीला दंडातले थोडे रक्त पुरते. त्यातल्या पांढऱ्या पेशी उबेला सुमारे तीन दिवस वाढवितात, विरजणासारख्या. पेशी दुभंगू लागली की औषध घालून तिला तिथेच थांबवितात, कारण गुणसूत्रे तेव्हाच सुटी दिसतात. मग ती रंगवून, चित्र घेऊन जोड्या लावतात. एखादे कमीजास्त असेल तर कळते. कधी दोन गुणसूत्रांनी तुकड्यांची अदलाबदल केलेली असते. हरवलेले काही नसते, म्हणून माणूस ठणठणीत. पण बीजात वाटणी चुकली की गर्भ टिकत नाही. माझ्या भाचीच्या घरी ही अदलाबदल जावयांत निघाली. चौथ्या खेपेला मात्र दिवस पुरे भरले.

पुष्कळ जोडप्यांचा अहवाल निर्दोष येतो. मग कारण दुसरीकडे शोधावे लागते. सिकलसेलसारखे बारीक दोष यात दिसत नाहीत.

गर्भजलावरूनही ही तपासणी होते. मुंबईत १९८० नंतर तिचा उपयोग मुलीचा गर्भ ओळखून पाडण्यासाठी झाला. बायकांच्या संघटना उठल्या, आणि १९८८ साली महाराष्ट्राने त्याविरुद्ध देशातला पहिला कायदा केला. १९९४ साली केंद्राचा झाला. दोष शोधायला आजही परवानगी आहे, लिंग सांगणे गुन्हा आहे. आणि मुलगा की मुलगी हे बापाच्या बीजावर ठरते, हे सासूबाईंनी ऐकून ठेवावे.

डाळजहून पुण्याला जायचे तर दोघांनी एकाच दिवशी जावे. अहवालाला दोनतीन आठवडे लागतात. रक्त उपाशीपोटी द्यावे लागत नाही, तेव्हा भाकरी खाऊन निघावे.