फर्निचरचे लाकूड आणि आपला डोंगर

(कोकणातील शेतकरी मेळाव्यात दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)



सकाळपासून आपण कलमांची निगा, काजूवरील किडी आणि भाताच्या सुधारित जाती यांविषयी ऐकलेत. माझा विषय थोडा वेगळा आहे. खुर्ची, टेबल, पलंग, कपाट यांचा शेतीशी काय संबंध, असे कोणाला वाटेल. पण संबंध सरळ आहे. फर्निचर लाकडाचे, लाकूड झाडाचे, आणि ते झाड पुष्कळदा तुमच्या वरकस जमिनीत किंवा बांधावर उभे असते. रत्नागिरी जिल्ह्यात तर सरकारी वन फार थोडे आहे. बहुतेक जंगल मालकीचे आहे. म्हणजे येथील डोंगर हिरवा राहील की उघडा पडेल, हे बऱ्याच अंशी तुमच्या हातात आहे.

फर्निचर धंद्यामुळे जंगल तुटते, असे आपण नेहमी ऐकतो. त्यात तथ्य आहे. परंतु लाकूड ही मुळात वाईट वस्तू नव्हे. वाळलेल्या लाकडाच्या वजनापैकी जवळजवळ निम्मा भाग कर्ब असतो आणि तो झाडाने हवेतून घेतलेला असतो. 20 किलो वजनाच्या लाकडी टेबलात सुमारे 10 किलो कर्ब, म्हणजे हवेतील सुमारे 37 किलो कार्बन डायऑक्साइड वायू साठवलेला असतो. टेबल पन्नास वर्षे टिकले तर तो तितकी वर्षे तेथेच राहील. टेबल पाच वर्षांत मोडून चुलीत गेले तर लगेच हवेत परत जाईल. म्हणून तीन प्रश्न महत्त्वाचे आहेत : झाड कोठे वाढले, कसे तोडले आणि त्याची वस्तू किती वर्षे टिकली.

लाकूड येते कोठून?

पूर्वी देशाची लाकडाची गरज मुख्यतः सरकारी जंगलांतून भागत असे. 1988 च्या राष्ट्रीय वन धोरणाने ही दिशा बदलली. लाकडावर चालणाऱ्या उद्योगांनी कच्चा माल शक्यतो शेतकऱ्यांशी थेट संबंध जोडून मिळवावा, असे त्यात सांगितले आहे. पुढे 12 डिसेंबर 1996 रोजी सर्वोच्च न्यायालयाने मंजूर कार्य आयोजनेशिवाय जंगलात होणाऱ्या तोडीवर बंदी घातली. बाहेरच्या देशांतही असेच घडले. थायलंडने मोठ्या पुरानंतर 1989 मध्ये नैसर्गिक जंगलातील तोड बंद केली. ज्या म्यानमारच्या सागावर आपल्या वखारी भरत असत, त्या देशाने 1 एप्रिल 2014 पासून गोल लाकडाची निर्यात थांबवली. आता आफ्रिका व दक्षिण अमेरिकेतील लागवडीचा सागही आपल्या बंदरांत उतरतो.

याचा अर्थ असा, की फर्निचरच्या लाकडासाठी बाजार यापुढे शेतातल्या झाडाकडेच पाहणार आहे. उत्तर भारतातील शेतकऱ्यांनी ही संधी आधी ओळखली. पंजाब, हरियाणा व पश्चिम उत्तर प्रदेशात 1980 च्या दशकापासून पॉप्लरची लागवड वाढली. हे झाड हिवाळ्यात पाने गाळते, त्यामुळे खालच्या गव्हाला ऊन मिळते. सहा ते आठ वर्षांत ते यमुनानगरच्या प्लायवूड कारखान्यांत जाते. मात्र सगळ्यांनी एकच झाड लावल्यामुळे 2000 नंतरच्या काही वर्षांत भाव कोसळले आणि अनेकांनी उभी झाडे उपटली. हा धडाही आपण लक्षात ठेवावा. पॉप्लर आपल्या हवामानाचे झाड नाही. शेतातल्या झाडावर मोठा उद्योग उभा राहू शकतो, एवढेच या उदाहरणावरून घ्यावे.

उक्ता डोंगर विकू नये

आपल्याकडे ठेकेदार येतो, डोंगराकडे नजर टाकतो आणि एक आकडा सांगतो. घरात लग्न किंवा आजारपण असते, पैशांची निकड असते, आणि सौदा ठरतो. मग ऐन, किंजळ, जांभूळ, साग, सगळे एका उन्हाळ्यात आडवे होते. त्यांतील थोडेच बुंधे फर्निचरच्या कामाचे असतात. बाकीचे कोवळे लाकूड जळणाच्या भावाने जाते. पुढच्या जूनमध्ये तीन हजार मिलिमीटरहून अधिक पावसाचा मारा त्या उघड्या उतारावर होतो. माती वहाळात जाते आणि खाली जांभा उघडा पडतो. मातीच राहिली नाही तर पाणी मुरणार कोठे? त्याचा फटका डोंगराखालच्या झऱ्यांना व विहिरींना बसतो.

हे टाळूनही डोंगरातून उत्पन्न घेता येते. पक्व झालेली, पुरेशा घेराची झाडेच निवडून तोडावीत. प्रत्येक जातीची काही चांगली, सरळ झाडे बियांसाठी राखावीत. वहाळाच्या दोन्ही काठांवरील आणि तीव्र उतारावरील झाडांना हात लावू नये. साग, ऐन व किंजळ यांच्या बुडख्यांना फुटवे येतात. तोड जमिनीलगत व तिरकी करावी, म्हणजे बुडख्यावर पाणी साचत नाही. पुढे जोमदार एक-दोन फुटवे ठेवून बाकीचे काढावेत आणि गुरांपासून राखण करावी. डोंगराचे भाग पाडून आळीपाळीने तोड केल्यास पूर्ण डोंगर कधीच उघडा पडत नाही.

घेर दुप्पट, लाकूड चौपट

आता हिशेबाकडे वळू. वखारीत गोल लाकूड मोजण्याची जुनी पद्धत अशी आहे : ओंडक्याच्या मध्यावरचा घेर इंचांत घ्यावा, त्याचा चौथा हिस्सा काढावा, त्याचा वर्ग करावा, फुटांतील लांबीने गुणावे आणि 144 ने भागावे. उत्तर घनफुटांत येते.

समजा, घेर 40 इंच आणि लांबी 12 फूट आहे. 40 चा चौथा हिस्सा 10, त्याचा वर्ग 100. त्याला 12 ने गुणून 144 ने भागले की 8.33 घनफूट येतात. प्रत्यक्षात त्या ओंडक्यात 10.6 घनफूट लाकूड असते. म्हणजे या पद्धतीत शेकडा साडेअठ्ठ्याहत्तर भागच मोजला जातो. बाकीची सूट कापणीतील घट म्हणून धरलेली असते. यात लबाडी नाही, पण हे आपल्याला ठाऊक असले पाहिजे. व्यापारी सांगतो तो दर कोणत्या मोजमापावर आहे, हे आधी विचारावे. घेर शेंड्याकडे घेतला जात नाही ना, सालीसह की सालीशिवाय, हेही पाहावे.

त्याच ओंडक्याचा घेर 20 इंच असता तर? पाचाचा वर्ग 25. म्हणजे फक्त 2.08 घनफूट. घेर निम्मा असेल तर लाकूड पावपट मिळते. शिवाय साग कोवळा असताना गाभ्याचे टिकाऊ लाकूड थोडे आणि बाहेरचे पांढरे, लवकर कीड लागणारे लाकूड जास्त असते. त्यामुळे दरही कमी मिळतो. घाईने तोडलेल्या झाडात शेतकऱ्याचे असे दुहेरी नुकसान होते आणि तयार होणारे फर्निचरही कमी टिकते. सौद्यापूर्वी एक टेप, एक वही आणि घरातला एखादा शाळकरी मुलगा किंवा मुलगी बरोबर घेऊन प्रत्येक झाडाचा घेर छातीच्या उंचीवर मोजून लिहून काढावा. त्यावरून कोणते झाड पक्व आहे आणि कोणते राखावे, हे कळते. उक्त्या सौद्याला याहून चांगले उत्तर नाही.

काय लावावे, कसे वाढवावे?

सागाबरोबर शिवण, फणस, आंबा, ऐन व किंजळ ही आपल्या मातीतली झाडे फर्निचर व घरकामास उपयोगी आहेत. शिवण लवकर वाढते व तिचे लाकूड हलके, कामास सोपे असते. फणसाचे पिवळे लाकूड दारे, देव्हारे, पाट यांसाठी आपल्या आजोबांच्या काळापासून वापरात आहे. राजस्थानातील जोधपूरचा फर्निचर उद्योग शिसवीबरोबर आंब्याच्या व बाभळीच्या लाकडावरही चालतो. आपण मात्र जुना रायवळ आंबा पुष्कळदा जळणाच्या भावाने देतो.

सागाच्या जड्या पावसाळ्याच्या सुरुवातीस लावाव्यात. सलग लागवडीत 2 × 2 मीटर अंतरावर हेक्टरी 2,500 रोपे बसतात. परंतु ती सगळी शेवटपर्यंत ठेवायची नसतात. पाच-सहा वर्षांनी पहिली विरळणी करून वाकडी, रोगट व दबलेली झाडे काढावीत आणि पुढेही गरजेप्रमाणे विरळणी करावी. बांधावरच्या झाडाला ऊन भरपूर मिळत असल्याने फांद्या जास्त येतात व लाकडात गाठी पडतात. म्हणून फांद्या अंगठ्याएवढ्या असतानाच बुंध्यालगत स्वच्छ कापाव्यात. मोठी फांदी कोयत्याने ओरबाडून काढू नये.

एक सावधगिरी सांगतो. 1990 च्या दशकात काही कंपन्यांनी सागाच्या झाडावर थोड्या वर्षांत लाखो रुपये मिळतील अशा जाहिराती केल्या. त्यांतील अनेक योजना बुडाल्या आणि 1999 मध्ये सेबीला अशा योजनांसाठी नियम करावे लागले. चांगला गाभा तयार व्हायला साग वेळ घेतोच. झाड ही शेतकऱ्याची मुदत ठेव आहे. तिला लॉटरी समजू नये. बागेचे व भाताचे उत्पन्न चालू ठेवून बांधावर आणि पडीक वरकस जमिनीत निरनिराळ्या जातींची झाडे लावावीत.

वाळवण म्हणजे अर्धे आयुष्य

ओल्या लाकडाचे फर्निचर पहिल्याच उन्हाळ्यात वाकते, फटी पडतात, सांधे सुटतात. मग ते मोडीत जाते आणि नव्यासाठी आणखी एक झाड पडते. फळ्या कापल्यावर सावलीत, जमिनीपासून उंच, दोन थरांत सारख्या जाडीच्या पट्ट्या घालून रचाव्यात. टोकांना रंग किंवा डांबर लावावे, म्हणजे टोके तडकत नाहीत. एक इंच फळीलाही अशा वाळवणीस काही महिने लागतात.

आंबा, शिवण अशा लाकडाला भुंगेरे लागून पीठ पडते. यावर बोरॅक्स व बोरिक ॲसिडच्या द्रावणाची प्रक्रिया उपयोगी ठरते. ती कापणीनंतर लगेच करावी. केरळातील रबराचे लाकूड हे याचे उत्तम उदाहरण आहे. सुमारे 25 ते 30 वर्षांनी चीक कमी झाला की ही झाडे तोडतात. पूर्वी ते लाकूड जळणात व खोक्यांत जाई. बोरॉनची प्रक्रिया व भट्टीतील वाळवण यांमुळे आज त्याचे चांगले फर्निचर होते आणि त्यासाठी जंगलातले वेगळे झाड तोडावे लागत नाही. सिंधुदुर्गात दोडामार्ग, सावंतवाडी भागात ज्यांनी रबर लावले आहे, त्यांनी याची नोंद घ्यावी. अशी प्रक्रिया केलेले लाकूड मात्र पावसात उघड्यावर वापरू नये, कारण द्रव्य धुऊन जाते.

स्लॅबचे घर बांधताना जुन्या कौलारू घराचे वासे, तुळया, खांब पडेल भावाने देऊन टाकू नयेत. पन्नास-साठ वर्षे वाळलेल्या त्या लाकडाइतके भरवशाचे लाकूड वखारीत सहसा मिळत नाही. गावच्या सुताराकडून त्याचेच पलंग-कपाट करून घ्यावे.

पऱ्हाटीचा तक्ता

घाटावरच्या पाहुण्यांसाठी थोडेसे. भुशाचे तक्ते केवळ लाकडापासूनच होतात असे नाही. उसाच्या चिपाडापासून आणि कापसाच्या पऱ्हाटीपासूनही ते बनतात. पऱ्हाटीपासून तक्ते करण्याचे तंत्र मुंबईच्या केंद्रीय कापूस तंत्रज्ञान संशोधन संस्थेने विकसित केले आहे. पऱ्हाटी शेतात रचून ठेवली तर गुलाबी बोंडअळीला आसरा मिळतो आणि जाळली तर धूर होतो. जेथे तक्त्यांचा कारखाना जवळ आहे, तेथे गटाने ती विकता येईल का, हे पाहावे.

या तक्त्यांत व प्लायवूडमध्ये फॉर्मल्डिहाइडयुक्त डिंक असतो. या वायूला जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संशोधन संस्थेने 2004 मध्ये माणसात कर्करोग निर्माण करणारे द्रव्य ठरवले. म्हणून कमी वायू सोडणारा तक्ता मागून घ्यावा, नवे कपाट आल्यावर खोली काही दिवस उघडी ठेवावी, आणि प्लाय किंवा सनमायकाचे तुकडे चुलीत कधीही घालू नयेत.

कागदपत्रांची शिस्त

साग, आंबा, फणस, ऐन, किंजळ, जांभूळ, खैर, हिरडा ही झाडे महाराष्ट्र वृक्षतोड अधिनियम, 1964 च्या अनुसूचीत आहेत. स्वतःच्या जमिनीतील असली तरी तोडीस परवानगी लागते. झाडांची नोंद सातबारावर करून घ्यावी आणि तोडीपूर्वी वनक्षेत्रपाल कार्यालयात चौकशी करावी. खाजगी जमिनीवरच्या बांबूला मात्र 2017 च्या दुरुस्तीनंतर भारतीय वन कायद्यातील झाडाच्या व्याख्येतून वगळले आहे. बांबूचे फर्निचर करू इच्छिणाऱ्यांना ही मोठी सोय झाली.

कागद ही कटकट वाटते, पण पुढे तोच माल विकणार आहे. युरोपीय संघाने 2023 मध्ये केलेल्या कायद्यानुसार लाकूड व लाकडी फर्निचर कोणत्या जमिनीतून आले हे नकाशावर दाखवावे लागेल, आणि ती जमीन 31 डिसेंबर 2020 नंतर जंगल तोडून मोकळी केलेली नसावी. त्याची अंमलबजावणी पुढे ढकलली गेली असली तरी बाजाराची दिशा स्पष्ट आहे. सातबारावर नोंद असलेले बांधावरचे झाड या कसोटीला उतरू शकते. चोरून उतरवलेला डोंगर उतरणार नाही.

बंधू-भगिनींनो, येथून घरी गेल्यावर एक काम करावे. आपल्या डोंगरातील व बांधावरील झाडांची जातवार यादी करावी, घेर लिहावा आणि कोणते झाड कोणत्या साली तोडायचे हे घरात बसून ठरवावे. ती यादी हातात असली म्हणजे पुढचा ठेकेदार आकडा सांगेल तेव्हा तुमच्याजवळही एक आकडा असेल, आणि डोंगरातली पुढच्या पिढीची झाडे उभी राहतील.