ताटातला बालाघाट



‘लोकांचे खाणे आणि लोकांचा इतिहास’ या विषयावरची परिषद भूम तालुक्यातल्या ईट गावी का, असे निमंत्रण हाती पडल्यावर अनेकांच्या मनात आले असेल. इथे ना रेल्वे, ना विमानतळ, ना पंचतारांकित स्वयंपाकघर. पण अन्नातून इतिहास वाचायचा असेल, तर जिथे सगळे मिळते त्या शहरापेक्षा जिथे थोडे मिळते ते गाव बरे, असे स्वागत समितीचे मत आहे. भरल्या बाजारात माणूस काय खातो यावरून त्याच्या खिशाचा अंदाज येतो. टंचाईत तो काय टिकवतो, काय टाकतो आणि काय विकतो, यावरून त्याची संस्कृती कळते. पुढचे सगळे बोलणे या एका विधानाच्या समर्थनार्थ आहे. मध्ये गावाचा अभिमान डोकावला तर तो स्वागताध्यक्षाचा हक्क समजून सोडून द्यावा.

आपण बसलेला हा मांडव बालाघाटाच्या माथ्यावर आहे. या डोंगररांगेच्या एका अंगाचे पाणी मांजरेवाटे गोदावरीला जाते, दुसऱ्या अंगाचे सीनेवाटे भीमेला. दोन मोठ्या नद्यांना पाणी देणारा हा प्रदेश स्वतः मात्र उन्हाळ्यात टँकरची वाट पाहतो. जवळच खर्डा आहे. ११ मार्च १७९५ रोजी मराठ्यांनी निजामाला तिथे हरवले आणि खर्ड्याच्या किल्ल्यात अडकलेल्या निजामाच्या फौजेचे पाण्यावाचून हाल झाले, हे शाळेच्या पुस्तकापलीकडे फारसे कुणाला आठवत नाही. पुढे पेशवाई बुडाली. खर्डा-जामखेड इंग्रजांच्या नगर जिल्ह्यात गेले, आम्ही निजामाच्या राज्यात राहिलो, आणि १९४८च्या सप्टेंबरापर्यंत ही सरहद्द आमच्या शिवारांजवळून गेली. या पट्ट्याची मोठी पेठ बार्शी, तीही इंग्रजी अमलात. १८९७ साली कुर्डुवाडीहून बार्शीपर्यंत अडीच फूट रुंदीची छोटी रेल्वे आली आणि १९११पर्यंत ती लातूरला पोहोचली. आगगाडीची शिट्टी मुलखात घुमत होती, पण डोंगरावरच्या माणसाला तिथवर जायचे तर बैलगाडीची वाट आणि करोडगिरीचे, म्हणजे जकातीचे, नाके ओलांडावे लागत. नाका, घाट आणि बैलाची चाल ही तीन नावे कृपया लक्षात ठेवावीत. पुढे पदार्थ येतील तेव्हा ती लागतील.

त्याआधी, धाराशिव जिल्ह्याचे नाव निघाले की तेरचा उल्लेख केल्यावाचून आम्हा धाराशिवकरांना राहवत नाही. पहिल्या शतकातल्या ग्रीक खलाशाच्या प्रवासवर्णनात ज्या तगर नगराचे कापड भडोचच्या बंदरात जात असल्याचे लिहिले आहे, ते हे तेर. संत गोरोबाकाकांचे तेरही हेच. पण मला आज इथे नाव घ्यायचे आहे ते रामलिंगप्पा लामतुरे यांचे. ना राजा, ना संत, ना प्राध्यापक. तेरचा एक व्यापारी. नांगराच्या फाळाला लागलेली आणि पावसाने उघडी पडलेली मडकी, मणी, खेळणी, मूर्ती त्यांनी आयुष्यभर गोळा केल्या. आज तेरच्या शासकीय वस्तुसंग्रहालयाला त्यांचे नाव आहे. तिथल्या हस्तिदंती बाहुलीचे नाते पॉम्पेईत सापडलेल्या मूर्तीशी जोडले जाते, म्हणून पाहुणे ती पाहायला जातात. आपण मात्र तिथली भांडी पाहावीत, ही विनंती. परिषदेचा विषय अन्न आणि स्वागताध्यक्ष वस्तुसंग्रहालयात शिरला, अशी कुजबुज ऐकू येते आहे. तिला उत्तर एवढेच, की दोन हजार वर्षांपूर्वीच्या घरात काय शिजत होते याचा साक्षीदार सिंहासन नसते, काजळी लागलेले मडके असते. आणि ते उचलून जपण्यासारखे आहे हे लामतुऱ्यांना पटले होते.

आता खव्याकडे येतो. कुंथलगिरीच्या खव्याला २०२४ साली भौगोलिक मानांकन मिळाले. ते क्षेत्र आमच्याच तालुक्यात, म्हणून आमची छाती फुगली आहे, हे लपवत नाही. पण प्रश्न असा, की जिथे माणसालाच पाणी पुरत नाही तिथे दुधाच्या पदार्थाने नाव कसे मिळवले? डोंगराळ, हलक्या जमिनीत पीक बेभरवशाचे, म्हणून गवतावर आणि कडब्यावर जनावर पोसणे हा शेतकऱ्याचा दुसरा आधार. दूध निघाले, पण गिऱ्हाईक घाटाखाली, नाक्यापलीकडे. बैलाच्या चालीने जाताना उन्हात दूध नासणारच. पाच लिटर दूध कढईत आटवले की साधारण किलोभर खवा उरतो. वजन पाचव्या हिश्श्यावर येते, आणि दोन-तीन दिवसांची सवड मिळते. भट्टीसमोर उभे राहून उलथणे फिरवत राहणाऱ्या माणसाने वाटेचे अंतर असे कढईत आटवले. त्याची किंमत डोंगरावरच्या झाडांनीही मोजली आहे. भट्टी सरपणावर चालते आणि उघडे बोडके माथे आपण येताना पाहिलेच असतील. अभिमानाच्या भरात ही बाजू झाकणे बरोबर नाही.

यावर एक वजनदार आक्षेप येतो. हे तर सगळे भूगोलाने ठरवले. माती, पाऊस आणि वाट यांनी जे शक्य ठेवले ते माणसाने खाल्ले, यात संस्कृती कुठे आली? आक्षेप अर्धा खरा आहे. पण डोंगर, जनावरे आणि दूरचा बाजार ही अडचण युरोपात आल्प्सच्या गावांनाही होती. त्यांनी वासराच्या जठरातले विरजण वापरून चीज केले. इथल्या माणसाला ते विरजण चालणारे नव्हते, म्हणून त्याने दूध फाडण्याऐवजी आटवले. अडचण एक, उत्तरे दोन. शिवाय शेजारी कुंथलगिरी आहे, कुलभूषण-देशभूषण मुनींचे सिद्धक्षेत्र. कंदमुळे वर्ज्य असणाऱ्या, सूर्यास्तापूर्वी जेवणाऱ्या यात्रेकरूला निःशंकपणे खाता येईल आणि घरी नेता येईल असा पदार्थ कोणता, तर खव्याचा पेढा. याच क्षेत्री आचार्य शांतिसागर महाराजांनी सल्लेखना घेऊन १८ सप्टेंबर १९५५ रोजी देह ठेवला. अन्नाच्या संपूर्ण त्यागाने जे स्थान अधिक वंदनीय झाले त्याच्याच नावाने मिठाई विकली जाते, हा विरोधाभास कुणाला खटकेल. मला त्यात श्रद्धा आणि पोट यांचा इथला जुना शेजार दिसतो.

भूगोलवाल्यांसाठी आणखी दोन पुरावे. याच माळावर उस्मानाबादी शेळी चरते. उस्मानाबाद जिल्ह्याचे नाव २०२३ साली बदलून धाराशिव झाले, तिचे पशुवैद्यकाच्या पुस्तकात तसेच आहे. तुळजापुरात नवरात्राच्या अखेरीला देवीला अजाबळी दिला जातो. मराठवाड्यातल्या कितीतरी दर्ग्यांवर नवस फेडायला हिंदू घरेही बकरे कापून कंदुरी करतात आणि पंगतीला सगळा गाव बसतो. म्हणजे एकाच गवतातून एका वाटेने पेढा निघाला आणि दुसऱ्या वाटेने कंदुरीचा रस्सा. गवताने वाट निवडली नाही. दुसरा पुरावा येळवसीचा. लातूरला लागून असलेल्या आमच्या पूर्व भागात मार्गशीर्षातल्या अमावास्येला शहरे ओस पडतात. लोक रानात कोप करून भज्जी, उंडे, आंबिल घेऊन बसतात. ज्वारीची काळी रानं नगर-पुण्याकडेही आहेत, पण ही पंगत तिकडे नाही. ती आहे बिदर-कलबुर्गीच्या कानडी शिवारात, त्याच दिवशी. राज्यांच्या सीमा १९५६ साली नव्याने आखल्या गेल्या. अमावास्येच्या आंबिलीने त्या जुमानल्या नाहीत.

दुसरा आक्षेप अधिक बोचरा आहे, आणि तो आमच्याच तरुणांनी समितीच्या बैठकीत मांडला. खवा हा विकायचा माल. जो करतो त्याच्या ताटात पिठलं-भाकरी, हुलग्याचं माडगं नाहीतर शेंगोळे, ठेचा आणि शेंगदाण्याची चटणी. मग खव्याला आमची खाद्यसंस्कृती का म्हणायचे? माझे उत्तर असे, की जे पिकवून, आटवून परक्याच्या घरी पाठवले जाते तेही संस्कृतीचेच सत्य आहे, जरा कडू असले तरी. दूध विकून तेलमीठ आणणारे घर आणि त्या दुधाचा गुलाबजाम खाणारे घर यांना जोडणारा धागा अभ्यासकांनी सोडू नये. केवळ पाककृती गोळा करणाऱ्यांच्या हातून तो नेमका सुटतो. हुलग्याचे तसेच. हलक्या रानात, थोड्या पावसात येणारे हे कडधान्य जनावराच्या आंबोणातही जाते आणि माणसाच्या माडग्यातही. त्याला गरिबाचे अन्न म्हणून नाक मुरडणारे आज शहरात तेच आरोग्यदायी म्हणून चढ्या दराने घेतात. पीठ तेच, प्रतिष्ठा बदलली.

तिसरा आक्षेप, खाणे इतके झपाट्याने बदलते की त्यावरून इतिहास वाचणे म्हणजे वाहत्या पाण्यावर रेघ मारणे. इथे १९७२चा दुष्काळ उपयोगी पडतो. त्या वर्षी रेशनवर परदेशी लाल ज्वारी आली, जिला सगळा मराठवाडा मिलो म्हणतो. दुष्काळी कामांवर सुकडी मिळाली, आणि रेशनचा गहूही आला. दुकान एक, वर्षे तीच, भूक तीच. पाऊस परतताच लोकांनी मिलो टाकून दिली, इतकी की तिचा एकही पदार्थ कुणाच्या घरी सणाला होत नाही. गहू मात्र राहिला आणि पुढे रोजची पोळी झाला. नुसत्या पुरवठ्याने सवय लागत असती तर दोन्ही राहिले असते. गव्हाला आधीपासून पुरणपोळीचा, पाहुण्याच्या ताटाचा मान होता, मिलोला फक्त रांगेची आठवण. मोहोळच्या संशोधन केंद्रावर निवडलेल्या मालदांडी ज्वारीची भाकरी तोंडात असलेल्या माणसाला मिलो का रुचली नाही, हे वेगळे सांगायला नको. तेव्हा बदल हा आमच्या विधानाविरुद्ध पुरावा नाही. लोक बदलातून काय निवडतात तिथेच इतिहास बोलतो.

हे झाले विषयाचे. आता व्यवस्थेचे, आणि त्याची धाकधूक मला भाषणापेक्षा जास्त आहे. निवासाची सोय शाळेच्या वर्गखोल्यांत केली आहे. गाद्या पाहुण्यांच्या संख्येला पुरल्या नाहीत, म्हणून सतरंज्या गावातल्या घराघरांतून आल्या. त्यांवर नावे लिहिली आहेत, जाताना कृपया घडी करून ठेवाव्यात. आंघोळीचे पाणी पहाटे एकदाच सुटेल. वीज गेली तर जनित्र आहे, मात्र त्याचा आवाज वक्त्यापेक्षा मोठा आहे. एसटीच्या वेळा आणि परिषदेच्या वेळा जुळवण्याचा प्रयत्न झाला, यश आले असे म्हणवत नाही. रात्री थंडी बोचेल. या आणि अजून लक्षात न आलेल्या सर्व उणिवांबद्दल समिती आपली क्षमा मागते.

आभार मानायचे ते ज्यांनी आपली नावे घेऊ नयेत असे बजावले त्यांचे. ज्वारी प्रत्येक घरातून पायलीने आली. भट्टीवाल्यांनी दोन दिवसांचा खवा विकायचा सोडून इथे पाठवला. ज्यांनी शेळ्या देऊ केल्या त्यांचे आभार मानून, सर्वांना एका पंगतीत बसता यावे म्हणून आम्ही त्या घेतल्या नाहीत. त्यांनी राग मानू नये. बचत गटांच्या महिला पहाटे तीनपासून भाकरी थापत आहेत. त्यांना हे भाषण ऐकायला मिळाले नाही, म्हणून परिषदाध्यक्षांना विनंती, की दुपारच्या सत्राआधी त्यांना व्यासपीठावर बोलवावे. टँकर देणारे, मांडवाचे पैसे नंतर घेऊ म्हणणारे, ध्वनिक्षेपकवाले, रात्रभर जागलेली पोरे, सर्वांचे ऋण समितीवर आहे.

दुपारची पंगत साडेबाराला बसेल. जैन पाहुण्यांची संध्याकाळची पंगत सूर्यास्तापूर्वी वेगळ्या चुलीवर होईल, त्यांनी नावे आताच नोंदवावीत. उद्या पुरणपोळी आणि येळवणीची आमटी आहे. आता परिषदाध्यक्षांनी सूत्रे स्वीकारावीत, ही विनंती.