लाठीसमोरचा कॅमेरा

12 डिसेंबर 1930 चा दिवस. मुंबईच्या काळबादेवीत परदेशी कापडाची लॉरी पोलिसांच्या पहाऱ्यात निघाली आणि बाबू गेनू तिच्यापुढे आडवा झाला. आंबेगाव तालुक्यातल्या म्हाळुंगे पडवळचा, गिरणीत राबणारा बाविशीतला गडी. लॉरी त्याच्या अंगावरून गेली. हे आपण मुलांकडून पाठ करून घेतो. पण त्या वर्षीचा रस्ता दिसत कसा होता, हे कोण सांगणार?

तो रस्ता आजही दिसतो. के. एल. नर्सी यांच्या नावाचा एक जुना अल्बम दिल्लीच्या अल्काझी संग्रहात आहे. 1930-31 च्या मुंबईची दोनशेहून अधिक छायाचित्रे त्यात आहेत. प्रभातफेऱ्या, निदर्शने, लाठीमार, जखमी स्वयंसेवक. आणि बायका तर किती! कालपर्यंत उंबऱ्याआड असलेल्या बायका भर रस्त्यात पोलिसांपुढे ठाम उभ्या आहेत. हे टिपणारे बहुतेक अनामिकच राहिले. आजच्यासारखे खटक्यासरशी वीस फोटो तेव्हा निघत नसत, फिल्म जपून वापरावी लागे. लाठी कोणाची पाठ ओळखत नाही, हेही त्यांना ठाऊक असणारच.

आता दुसरे चित्र पाहा. सप्टेंबर 1931, इंग्लंडातल्या लँकेशायरमधले डार्वेन गाव. गांधीजींभोवती गिरणीतल्या कामकरी बायकांचा घोळका, साऱ्याजणी आनंदाने ओरडताहेत. इथे विश्रामबागेत वर्गात मी हे चित्र दाखवले, तेव्हा मागच्या बाकावरची एक मुलगी म्हणाली, "सर, आपल्या बहिष्कारानं ह्यांच्याच पोटावर पाय आला ना? मग ह्या हसतात कशा?"

गुरुजनहो, खरे सांगतो, मी क्षणभर गडबडलो. मग म्हणालो, की तिथल्या गिरण्यांची घसरण बहिष्काराच्या आधीच सुरू झाली होती. जपानी कापडाची चढाओढ होती, 1929 नंतरची जागतिक मंदी होती. गांधीजींनी त्या कामगारांना तोंडावर सांगितले, की आमच्याकडची बेकारी तुमच्याहून कितीतरी मोठी आहे. त्यांनी ते ऐकूनही घेतले. पण हे काही त्या फोटोत उमटलेले नाही. फोटो एक पापणी लवण्याएवढाच काळ धरतो. त्याच्या आधीचे नि नंतरचे आपल्यालाच शोधावे लागते.

मुलीचे समाधान झालेले दिसले नाही. पुढच्या तासाला ती तेच चित्र पुन्हा बघायला मागत होती.