एका संगणकांत तीन घरें

मावळ तालुक्यांतील टाकवे बुद्रुक येथें भातखाचरांच्या जोडीला आतां कारखानेही आहेत. अशा गांवच्या एखाद्या लहान कारखान्याचा हिशेबनीस डोळ्यांपुढें आणावा. मेजावर संगणक एकच. कामें मात्र तीन. हिशेबाची जुनी प्रणाली विंडोज ७ वरच चालते, आणि त्या विंडोजला सुरक्षेच्या दुरुस्त्या मिळणें सामान्य ग्राहकांपुरतें जानेवारी २०२० मध्यें थांबलें. बँकेचा व्यवहार त्याच यंत्रावर. परक्यांनीं धाडलेलीं बिलें उघडणेंही तेथेंच. एका बिलांत घातक आज्ञावली निघाली, तर तिन्ही कामें एकदम बुडतात.

ही भीति पोकळ नव्हे. जून २०१७ मध्यें ‘नॉटपेट्या’नें जगभर संगणक निकामी केले, तेव्हां न्हावा-शेवा बंदरांतील एका टर्मिनलचें कामही ठप्प झालें. युक्रेनमधील हिशेबाच्याच एका प्रणालीच्या सुधारित आवृत्तीवाटे तिचा शिरकाव झाला होता.

आभासी यंत्र हा यावरील एक उपाय होय. खऱ्या संगणकाच्या पोटांत दुसरा संगणक चालतो; त्याची स्मृति निराळी, तबकडीही निराळी. आयबीएमच्या मोठ्या यंत्रांवर ही युक्ति १९६० च्या दशकांतच होती. मेजावरील संगणकाच्या प्रोसेसरांत तिची खास सोय इंटेलनें २००५ मध्यें व एएमडीनें २००६ मध्यें केली. पाहुण्या प्रणालीच्या बहुतेक आज्ञा प्रोसेसर थेट पाळतो; नाजूक आज्ञा आली, कीं ताबा यजमानाकडे जातो. म्हणून वेग फारसा घटत नाहीं आणि भिंतही टिकते.

हिशेबनिसानें तीन घरें करावींत. जुन्या हिशेबाच्या घराला इंटरनेट देऊं नये. बँकेच्या घरांत दुसरें कांहींच उघडूं नये. बिलांच्या घराची स्वच्छ स्थिति आधीं जतन करावी आणि काम संपतांच तें त्या स्थितीला परत न्यावें. तीन संगणकांचा खर्च वांचतो. नवा संगणक घेतल्यास जुनें घर फाइलीच्या रूपानें तेथें नेतां येतें. मात्र स्मृति पुरेशी हवी, आणि ही सोय पुष्कळदां बायोसमध्यें बंद असते. ती चालू करावी लागते.

एक सावधगिरी मावळच्या इतिहासांतच आहे. १८१८ मध्यें इंग्रजांनीं आधीं विसापूर घेतला. तो लोहगडाहून उंच. त्यामुळें लोहगडाचे भक्कम दरवाजे निरुपयोगी ठरले. यजमान प्रणाली ही येथें विसापूर होय. ती पडली, कीं सर्व घरें पडलीं. म्हणून तिच्यावर भटकंती करूं नये, दुरुस्त्या वेळच्या वेळीं घालाव्यात, आणि हिशेबाची एक प्रत संगणकाबाहेर, तारेवेगळी ठेवावी.