व्यापारी आणि लोकसत्ता
(वडगाव मावळ येथील वार्षिक मेळाव्यात केलेले भाषण)



आपल्यापैकी अनेकांची उपजीविका व्यापारावर चालते, आणि अलीकडे आपले तरुण निवडणुकांकडेही वळू लागले आहेत. म्हणून व्यापारातून राजकारणात गेलेल्या एका कर्त्या पुरुषाचे चरित्र आपणापुढे ठेवावे असे मी योजिले आहे. ते म्हणजे गोमंतकाचे पहिले मुख्यमंत्री दयानंद तथा भाऊसाहेब बांदोडकर.

१२ मार्च १९११ रोजी पेडणे येथे त्यांचा जन्म झाला. लोहखनिजाच्या धंद्यात त्यांनी धन आणि नाव मिळविले. १९६१ साली गोवा मुक्त झाला. डिसेंबर १९६३ मध्ये त्यांचा महाराष्ट्रवादी गोमंतक पक्ष अधिकारावर आला. खाणमालकाच्या हाती सत्ता गेल्यावर गरिबाचे काय होणार, ही शंका स्वाभाविक होती. तिला १९६४ च्या कूळकायद्याने आणि खेडोपाडी निघालेल्या मराठी शाळांनी उत्तर दिले.

खरी कसोटी पुढे आली. गोवा महाराष्ट्रात विलीन व्हावा, हे त्यांचे ध्येय होते. जनमत कौल निःपक्षपातीपणे व्हावा म्हणून त्यांच्या मंत्रिमंडळाने डिसेंबर १९६६ मध्ये राजीनामा दिला. १६ जानेवारी १९६७ रोजी मतदान झाले आणि ३४,०२१ मतांनी विलीनीकरण नाकारले गेले.

याच वडगावी जानेवारी १७७९ मध्ये कोंडीत सापडलेल्या इंग्रजांनी मराठ्यांशी तह केला, आणि संकट टळताच त्यांच्या वरिष्ठांनी तो झुगारून दिला. सोयीचा नसलेला करार मोडणे सोपे असते. भाऊसाहेबांनी प्रतिकूल कौलानंतर घर गाठले नाही. मार्च १९६७ मध्ये ते त्याच मतदारांपुढे पुन्हा उभे राहिले, आणि लोकांनी त्यांनाच सत्ता दिली. व्यापाऱ्याच्या भाषेत सांगावयाचे तर, गिऱ्हाईकाने एक माल परत केला, परंतु पेढी सोडली नाही.

ते निर्दोष होते असे मी म्हणत नाही. त्यांच्या एकतंत्री कारभारावर टीका झाली. १९७० साली स्वपक्षीयांनीच बंड केले. तरीही १९७२ मध्ये लोकांचा विश्वास त्यांच्यावरच राहिला, आणि १२ ऑगस्ट १९७३ रोजी मुख्यमंत्रिपदावर असतानाच त्यांनी देह ठेवला.

तरुण मित्रांनो, पैशाने उमेदवारी मिळेल, विश्वास मिळणार नाही. तोट्याची नोंदही आपल्या हाताने वहीत करण्याचे धैर्य असेल, त्यानेच लोकसेवेची वाट धरावी, एवढीच माझी विनंती आहे.