नसबंदीत नस कापत नाहीत



आजचा विषय चारचौघांत बोलण्याचा नाही, असे आपण समजतो. न बोलल्यामुळेच तो अवघड होऊन बसला आहे. विषय आहे शुक्रवाहिनीचा, म्हणजे पुरुष नसबंदीत जी बांधतात त्या नळीचा.

आपल्या वाशीम जिल्ह्यात कारंजा असो की रिसोड, 'नस कापली की गड्याची ताकद गेली' हे वाक्य कानावर येतेच. सोयाबीनची पोती उचलणारा माणूस ते ऐकून धास्तावणारच. आणीबाणीत, १९७५ ते ७७ मध्ये, झालेल्या सक्तीने ही धास्ती आणखी वाढवली. पण घोळ सुरू होतो तो 'नस' या शब्दापासूनच. नस म्हटले की आपल्याला रक्ताची शीर आठवते. शुक्रवाहिनी म्हणजे शीर नव्हे. ती शुक्रपेशी वाहून नेणारी साधी नळी आहे.

शुक्रपेशी तयार होतात वृषणांत. त्यासाठी शरीराहून दोन-तीन अंश कमी उष्णता लागते, म्हणून वृषणे पोटाबाहेर पिशवीत असतात. नव्या शुक्रपेशींना धड पोहताही येत नाही. वृषणाला मागून चिकटून अधिवृषण नावाची बारीक नळी असते. दोन पेरांएवढ्या जागेत ती वेटोळे घालून बसते, पण उलगडली तर सुमारे सहा मीटर भरते! तिच्यातून सरकताना काही दिवसांत शुक्रपेशी परिपक्व होतात.

पुढची वाट शुक्रवाहिनीची. प्रत्येक बाजूला एक, लांबी फूट-दीड फूट. भिंत जाड स्नायूंची, छिद्र मात्र सुईच्या टोकासारखे बारीक. पिशवीच्या कातडीखाली ती सुतळीसारखी हाताला लागते. जांघेतून पोटात शिरून ती मूत्राशयामागे जाते. तेथे शुक्राशयाची नळी तिला मिळते आणि दोघींची मिळून झालेली वाहिनी प्रोस्टेट ग्रंथीतून मूत्रमार्गात उघडते. वीर्याचा बहुतेक भाग हा शुक्राशय आणि प्रोस्टेटमधला द्रव असतो. शुक्रपेशींचा वाटा जेमतेम पाच टक्के.

आता ताकदीचे पाहू. दाढीमिशा, स्नायूंचे बळ, कामेच्छा हे सारे टेस्टोस्टेरॉन या संप्रेरकावर अवलंबून. तेही वृषणातच तयार होते, पण नळीने जात नाही, थेट रक्तात मिसळते. घराला दोन दारे आहेत; एक बंद केले तरी दुसरे उघडेच राहते. नसबंदीनंतर संप्रेरक पूर्वीसारखेच मिळते, वीर्यही दिसायला तसेच राहते. अडलेल्या शुक्रपेशी शरीर जिरवून टाकते.

नळी कातडीलगत असल्याने हे काम सोपे होते. १९७४ मध्ये चीनमधील डॉक्टर ली शुनच्यांग यांनी बिनटाक्याची पद्धत शोधली. जागेवर भूल देऊन पंधरा-वीस मिनिटांत ती पार पडते. स्त्रीच्या बीजवाहिन्या मात्र पोटात खोल असतात. तिच्यासाठी पोटच उघडावे लागते किंवा दुर्बीण आत घालावी लागते. तरीही २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत देशातील विवाहित स्त्रियांपैकी ३७.९ टक्के जणींची शस्त्रक्रिया झालेली आढळली, तर नवऱ्याची झाली आहे अशा फक्त ०.३ टक्के. बाळंतपणे तिचीच आणि टाकेही तिलाच!

काही गोष्टी पक्क्या ध्यानात ठेवा. शस्त्रक्रियेनंतर लगेच निर्धास्त होऊ नका. नळीच्या पुढच्या भागात शुक्रपेशी शिल्लक असतात. तीन महिने दुसरे साधन वापरा आणि वीर्य तपासून घ्या. दोन दिवस विश्रांती आणि आठवडाभर जड काम बंद. म्हणून सोंगणी-मळणी आटोपल्यावरचे दिवस सोयीचे. सूज वाढली, ताप आला तर ताबडतोब डॉक्टरांना दाखवा. नळी पुन्हा जोडता येते, पण मूल होईलच अशी खात्री नसते. म्हणून निर्णय कायमचा समजूनच घ्या. एड्ससारख्या रोगांपासून नसबंदी संरक्षण देत नाही, तिथे निरोधच हवा.

निर्णय नवरा-बायकोने मिळून, कुणाच्याही दबावाशिवाय घ्यायचा आहे. शंका असेल तर आशाताईंना किंवा प्राथमिक आरोग्य केंद्रातल्या डॉक्टरांना विचारा. पारावरच्या गप्पांवरून मात्र ठरवू नका.