बैलाचं नाव पुकारल्यावर



मानोलेते हा स्पेनचा विसाव्या शतकातला अतिशय गाजलेला मातादोर, म्हणजे रिंगणात बैलाशी झुंजणारा. जन्म १९१७ चा, कोर्दोबा शहरातला. वडीलही बैलांशी झुंजणारे. पण मुलगा लहान असतानाच ते गेले. १९३९ साली यादवी युद्ध संपलं आणि त्याच वर्षी सेव्हिलच्या रिंगणात मानोलेतेला पूर्ण मातादोरचा मान मिळाला. देश उपाशी होता, घरोघर कुणीतरी गेलेलं होतं. अशा लोकांसमोर हा उंच, किडकिडीत, गंभीर चेहऱ्याचा तरुण उभा राहायचा. तो उड्या मारत नसे, पळत नसे. पाय रोवून उभा राहायचा आणि पाचशे किलोचं जनावर छातीजवळून जाऊ द्यायचा. लोकांनी त्याला डोक्यावर घेतलं.

२८ ऑगस्ट १९४७ ला लिनारेस गावी त्याच्यासमोर मिउरा या नामांकित कळपातला इस्लेरो नावाचा बैल आला. शेवटचा वार करताना मानोलेते शिंगांवर वाकला. तलवार बैलात गेली आणि शिंग त्याच्या उजव्या मांडीत. दुसऱ्या दिवशी पहाटे तो गेला. वय अवघं तीस.

या माणसाच्या धैर्याबद्दल मला आदर आहे. पण इस्लेरो त्या दिवशी जिंकला, तरी जिवंत राहणार नव्हता. त्या खेळात बैलाचा शेवट जवळपास नेहमी आधीच ठरलेला असतो. इस्लेरोचं नाव आज आपल्याला ठाऊक आहे, ते त्यानं मानोलेतेला मारलं म्हणून. बाकीच्या हजारो बैलांची नावं कुणाला माहीत आहेत?

आपल्याकडे हे उलटं आहे, आणि म्हणून आज मला आपल्या बैलाबद्दल बोलायचं आहे.

आपल्या मैदानात बैलाला मारायचं नसतं, पळवायचं असतं. पुणे जिल्ह्यातला शर्यतीचा घाट असो, सांगली-साताऱ्याकडचं मैदान असो, की विदर्भातला शंकरपट असो, भोंग्यावरून नाव पुकारलं जातं ते बैलाचं. बकासुर हे नाव आज पश्चिम महाराष्ट्रातल्या शाळकरी पोराला विचारा. तो त्याचा रंग सांगेल, जोडीदार सांगेल, कुठलं मैदान मारलं तेही सांगेल. गाडी हाकणाऱ्याचं नाव त्याला आठवेलच असं नाही. खोंड निवडायचं, त्याला जोडीदार शोधायचा, दातांवरून आदत, दुसा, चौसा अशा गटांत उतरवायचं, पोटच्या पोरासारखी खुराकाची काळजी घ्यायची. शर्यतीच्या बैलाची ही कारकीर्द एखाद्या पैलवानाइतकीच कष्टाची आहे. आणि तिचं श्रेय बैलालाच मिळतं, ही आपल्या लोकांची मोठी समज आहे असं मी मानतो.

पण म्हणून आपण निर्दोष ठरत नाही. पराणीला खिळा बसवणं, शेपटी पिरगळणं, ती दातांनी चावणं, विजेचा झटका देणं, हे सगळं मैदानांत होत आलं आहे. ७ मे २०१४ ला सर्वोच्च न्यायालयानं तमिळनाडूतल्या जल्लिकट्टूबरोबर आपल्या बैलगाडा शर्यतीही बंद केल्या, तेव्हा गावोगाव संताप झाला. त्या संतापात हे खिळे कुणाला आठवले नाहीत. त्याआधी १९९६ मध्ये उच्च न्यायालयानं गोव्यातल्या धीर्यो, म्हणजे बैलांच्या आपसातल्या झुंजी, बंद केल्या होत्या. त्या अजूनही चोरून होतात. नुसत्या बंदीनं बैल सुखी होतो, हेही खरं नाही.

२०१७ साली महाराष्ट्रानं कायदा दुरुस्त केला, उच्च न्यायालयात तो अडला, १६ डिसेंबर २०२१ ला सर्वोच्च न्यायालयानं शर्यतींना वाट दिली आणि १८ मे २०२३ ला पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठानं हा कायदा वैध ठरवला. स्पेनमध्येही असंच घडलं होतं. कॅटालोनियाच्या विधिमंडळानं २०१० मध्ये बैलझुंजींवर बंदी घातली आणि २०१६ मध्ये स्पेनच्या घटना न्यायालयानं ती रद्द केली. दोन्हीकडे बंदी उठली. आपल्याला शर्यत मिळाली आहे ती अटींवर. जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी हवी, पशुवैद्यकाची तपासणी हवी, धाव एक हजार मीटरच्या आत हवी, चाबूक-काठी नको, आणि बैलाला क्रूरपणे वागवलं तर दंड किंवा कैद.

या अटी म्हणजे सरकारची कटकट, असं आयोजक म्हणतात. मला हे अजिबात पटत नाही. पोळ्याच्या आदल्या दिवशी खांदेमळणीला आपण बैलाच्या खांद्याला तूप-हळद चोळतो, दुसऱ्या दिवसाच्या जेवणाचं आवतण देतो, पोळ्याला पुरणपोळी चारतो. या अटींत त्याहून वेगळं काय मागितलं आहे?

आणि शर्यत संपलेल्या बैलाचं काय? जिंकणारा चार वर्षं गाजतो, मग त्याची धाव मंदावते. शेतात आता ट्रॅक्टर आहे. २०१५ पासून राज्यात बैलाची कत्तल बंद आहे, म्हणजे म्हातारा बैल कुणीतरी सांभाळायलाच हवा. पण त्याच्या वैरणीचा भार एकट्या शेतकऱ्यावर पडतो. आपल्या मराठवाड्याचे देवणी आणि लालकंधारी बैल या हिशेबात दावणीवरून कमी होत चालले आहेत. लाखोंची बक्षिसं आणि गाड्या वाटणाऱ्या समित्यांनी बक्षिसातला ठरलेला वाटा निवृत्त बैलांच्या वैरणीसाठी बाजूला काढावा.

आपण मैदानाला जाल तेव्हा पशुवैद्यक आला आहे का, हे आधी विचारा. हाकणाऱ्याच्या हातात पराणी दिसली तर तिथल्या तिथे आयोजकांना सांगा, आणि ऐकलं नाही तर पोलिसांना कळवा.